रेवाळेसरांचा नववा प्रश्न

रेवाळेसर स्टाफरूममध्ये शिरले की आम्ही चहा भराभर संपवत असू. नाहीतर ते स्वतःच्या कपाकडे बोट दाखवून विचारत, "यात सरकार कुठं कुठं बसलंय, सांगा बघू." मग साखरेतलं सरकार, चहापत्तीतलं सरकार, स्टोव्हच्या रॉकेलमधलं सरकार असा एकेक कर बाहेर काढत ते घंटा होईपर्यंत बोलत राहत. त्यांच्या चहावर साय धरे. ती बोटानं बाजूला करून ते गार चहा एका घोटात पीत आणि वर्गावर जात. आमच्यातले काही जण त्यांना माघारी 'अबकारीसर' म्हणत. मीही म्हटलंय, खोटं कशाला सांगू.

ही ऐंशीच्या दशकातली गोष्ट. रत्नागिरीच्या कॉलेजात मी संख्याशास्त्र शिकवायला लागले होते, तेही दुसऱ्याच्या रजेच्या जागेवर. नोकरी दर जूनमध्ये नव्यानं मिळायची, त्यामुळे मी सगळ्यांशीच जरा जपून असे. रेवाळेसर अर्थशास्त्राचे विभागप्रमुख. त्या विभागात माणसं दोन, एक ते स्वतः आणि दुसरी न भरलेली जागा. बुटके, काळेसावळे, बाह्या दुमडलेला बुशशर्ट, आणि बारा महिने काखेत छत्री. सार्वजनिक आयव्यय आणि कल्याणाचं अर्थशास्त्र हे त्यांचे विषय. साध्या भाषेत सांगायचं तर सरकार पैसा कुणाकडून घेतं, कुणावर खर्च करतं, आणि त्यानं नक्की कुणाचं भलं होतं, एवढंच त्यांना आयुष्यभर शोधायचं होतं. मुंबईत शिकले, तिथं चांगली नोकरी मिळत होती, ती सोडून परत आले. का आलात, असं विचारलं तर म्हणत, "मुंबईत अर्थशास्त्री पुष्कळ आहेत. इथं मी एकटा. मक्तेदारी आहे माझी."

पहिल्या वर्षाच्या पहिल्या तासाला ते टेबलावर एक काडेपेटी ठेवत. "रत्नागिरीत कर कोण भरतं?" मुलं म्हणत, बागायतदार, व्यापारी, पगारदार. ते काडी ओढत, ती जळून बोटाला चटका बसेपर्यंत धरत आणि म्हणत, "ज्याच्या घरात चूल पेटते तो कर भरतो. लिहून घ्या." मुलं लिहून घेत. मागच्या बाकावरची मुलं सरांना बिडीचं व्यसन आहे असं ठरवून मोकळी होत. सरांनी जन्मात बिडी ओढली नव्हती.

त्यांची दुसरी खोड म्हणजे कुठल्याही गोष्टीची किंमत न विचारता वेळ विचारायची. एकदा मे महिन्यात आमच्याकडे आले. सासूबाई पडवीत आंब्याच्या रसाची साठं वाळवत बसल्या होत्या. सर उकिडवे बसले आणि म्हणाले, "याला किती वेळ लागतो हो, आजी? सगळा मिळून?" सासूबाई त्यांच्याकडे न बघता म्हणाल्या, "वेळ कसला मोजतोयस? साठं मोज नि खाऊन जा." सरांनी साठ खाल्लं, पण वहीत काहीतरी टिपलंच. जाताना मला हळूच म्हणाले, "बघितलंत ना, बाई? जो वेळ देतो त्यालाच तो खर्च वाटत नाही. सगळं राज्य याच्यावर चाललंय."

या वाक्यामागे त्यांची आई होती, हे मला नंतर कळलं. संगमेश्वर तालुक्यात आतल्या बाजूला, सड्यावरच्या, उघड्या कातळमाळावरच्या एका वाडीत त्यांचं लहानपण गेलं. वडील मुंबईला गिरणीत. इकडे आई खालच्या पऱ्यावरून, म्हणजे ओढ्यावरून, घाटीची उभी वाट चढून पाणी आणायची. चुंबळ ठेवून ठेवून तिच्या टाळूवरचे केस झिजून गेले होते, तेवढ्या जागी हाताला नुसतं कातडं लागायचं. ती गेली तेव्हा सर मुंबईत कुठल्यातरी परीक्षेला बसले होते. आईबद्दल ते बोलत नसत. हे मला सुमनवहिनींनी, त्यांच्या बायकोनं सांगितलं.

त्यांच्या कामाचं मूळ तिथं होतं. सरकारी कागदांत असं असायचं की आतल्या वाड्यांकडून महसूल जवळजवळ येत नाही, तेव्हा तिथं केलेला खर्च म्हणजे निव्वळ मदत. सरांचा याला सक्त विरोध. ते म्हणत, "त्या बाया कर भरतात. रोज भरतात, डोक्यावरून भरतात. फक्त त्याची पावती कुणी देत नाही." पाणी आणण्यात जाणारा वेळ हा कर मानायचा, तो मोजायचा आणि सरकारपुढे ठेवायचा, अशी त्यांची कल्पना. आज हे ऐकून कुणी नुसती मान डोलवील. तेव्हा आमच्या स्टाफरूममध्ये लोक हसले होते.

त्यासाठी त्यांनी कातळकोंड नावाची वाडी निवडली. त्यांची स्वतःची नव्हे. आपल्या गावचं काम आपण केलं की लोक त्याला वशिला म्हणतात, असं त्यांचं म्हणणं. कातळकोंड वर सड्यावर. डिसेंबर सरला की विहिरीचा तळ दिसायचा, मग पुढचे पाच महिने बायका घाटी उतरून झऱ्यावर जायच्या. बायकांशी बोलायला बाईमाणूस हवं म्हणून सरांनी मला बरोबर घेतलं. पहिल्या उन्हाळ्यात आम्ही नुसते चाललो. एसटीनं जायचं, उतरून कातळ तुडवायचा आणि बायकांच्या मागं घड्याळ घेऊन घाटी उतरायची-चढायची. त्यांच्यात पारूबाय म्हणून एक होती, पन्नाशीची, नवरा मुंबईला, जिभेला धार. तिच्या तीन खेपा होईस्तो दुपार व्हायची.

एके दिवशी सरांच्या मनात आलं की भरल्या हंड्यासकट चढल्याशिवाय मोजणी खरी नाही. त्यांनी पारूबायचा हंडा डोक्यावर घेतला. चौथ्या की पाचव्या वळणावर पाय सरकला. हंडा घरंगळत झऱ्यापर्यंत गेला, आणि सर करवंदीच्या जाळीत. बायका आधी घाबरल्या, मग पोट धरधरून हसल्या. पारूबाय म्हणाली, "सर, हंडं आमी आनतो. तुमी आपलं घड्याल धरा." पोचे आलेला तो हंडा सरांनी संगमेश्वरला नेऊन ठोकून आणून दिला. त्यानंतर त्या वाडीत सरांना कुणी परकं मानलं नाही. मला वाटतं, त्यांच्या आयुष्यातला तो सगळ्यात सुखाचा उन्हाळा असावा.

त्या मोजणीवरून त्यांनी एक अहवाल लिहिला. तो फिरत फिरत मुंबईच्या एका समितीपर्यंत पोचला. कुठल्या वाड्यांना आधी नळपाणी द्यायचं हे ती समिती ठरवणार होती. समितीनं कळवलं की अभ्यास उत्तम आहे, पण लाभ वेळेत दाखवलाय, तो रुपयांत हवा. सर आठवडाभर अस्वस्थ होते. मग त्यांनी मुंबईहून एक जाडजूड परदेशी पुस्तक मागवलं. जी गोष्ट बाजारात विकली जात नाही तिची किंमत कशी काढायची, त्याची रीत त्यात होती. माणसाला सरळ विचारायचं की ही सोय मिळाली तर तुम्ही किती द्याल. तो जे सांगेल तेवढा त्याचा लाभ. सरांनी ती रीत पुढच्या फेरीसाठी तयार केलेल्या प्रश्नावलीत घातली. नववा प्रश्न: घरापर्यंत नळ आला तर पाण्यासाठी महिना किती रुपये द्याल?

पुढच्या उन्हाळ्यात तो प्रश्न घरोघर मी विचारला. पहिलं घर पारूबायचं.

"कशाचे पैशे ओ बाय?"

"पाण्याचे."

ती हसली. "पान्याचे पैशे? आता काय बोलू तुमाला! पानी काय कोन इकतं? उद्या कोन वाटसरू दारान आला तर काय बोलू, आदी पैशे ठेव नि मग तांब्या उचल?"

"तसं नाही. महिन्याला काही थोडं..."

"काय नाय. लिवा, काय नाय. पन चर आमी खनून देऊ. खालपासून वरपर्यंत. पायप डोक्यावरून आनू. त्याचं काय ता सांगा."

दुसऱ्या घरात तेच, तिसऱ्या घरात तेच. पालखीची वर्गणी हीच माणसं उपाशी राहून देत. पण पाण्याला पैसा लावायचा म्हणजे त्यांना काहीतरी ओंगळ बोलल्यासारखं वाटत होतं. वाडीतल्या एकूण एक घरानं 'काय नाय' सांगितलं आणि एकूण एक घरानं चर खणायची तयारी दाखवली. प्रश्नावलीच्या डोक्यावर सरांच्या अक्षरात सूचना होती: उत्तर जसे दिले तसेच लिहावे. मी नवव्या प्रश्नापुढे शून्य लिहिलं. चर खणण्याला रकाना नव्हता, म्हणून ते समासात लिहिलं. आणि तक्ता करायच्या वेळी समासातलं तक्त्यात येत नाही, हे तर मीच मुलांना शिकवत होते.

हे चुकतंय, एवढं मला त्या पहिल्या घरातच कळलं होतं. परतीच्या एसटीत सर शेजारी बसले होते, गुडघ्यावर कागदांचं बाड. मी दोनदा बोलायला तोंड उघडलं. दोन्ही वेळा वाटलं, सरांनी विचार केलाच असेल. मी खिडकीबाहेर बघत राहिले.

पावसाळा संपता संपता समितीचं पत्र आलं. सरांनी ते मला वाचायला दिलं. त्यातलं एक वाक्य मला अजून पाठ आहे: 'प्रस्तुत वाडीतील लाभार्थ्यांची पाण्यासाठी खर्च करण्याची इच्छा शून्य असल्याचे आपल्याच पाहणीवरून दिसून येते, सबब ही वाडी प्राधान्यक्रमातून वगळण्यात येत आहे.' बाजूच्या ज्या वाड्यांची कुणी पाहणीच केली नव्हती, त्या यादीत राहिल्या होत्या. आम्ही गेलो नसतो तर कातळकोंडही राहिलं असतं.

सर खुर्चीत बसून होते. तास वाजला तरी उठले नाहीत.

त्यांनी मग नवव्या प्रश्नाचं शून्य हे शून्य का नाही, यावर एक लांबलचक टिपण लिहिलं. इतकं सुंदर मराठी मी कुठल्या अर्थशास्त्राच्या पुस्तकात वाचलेलं नाही. ज्या गोष्टीला माणूस किंमत लावायला तयार नसतो ती कधी कधी त्याला सगळ्यात मोलाची असते, असं त्यात होतं. पारूबायचा वाटसरू होता, चर होता. ते टिपण समितीला पोचल्याची पोच आली. बाकी काही आलं नाही.

हिवाळ्यात समितीचे सचिव दुसऱ्या कामासाठी रत्नागिरीत आले. सर मला घेऊन विश्रामगृहावर गेले. सचिव भला माणूस होता. त्यानं टिपण वाचलं होतं, हेच विशेष. म्हणाला, "रेवाळेसाहेब, मला सगळं पटतं. पण वरती टिपण कोणी वाचत नाही, रकाना बघतात. फेरपाहणी केली असं दाखवा. शून्याच्या जागी दोन रुपये घाला. मी कागद पुन्हा वर पाठवतो."

मी ताबडतोब म्हटलं, "सर, मी आज संध्याकाळी नवा तक्ता करते."

सरांनी मान हलवून नकार दिला. मग म्हणाले, "दोन लिहिले तर दोन वसूल करायला माणूस येईल, बाई. आणि त्या देतील. मनीऑर्डर चुकलेल्या महिन्यातही देतील. पुढच्या वाडीत कोणी चार लिहील, त्याच्या पुढं सहा. जिथं खरंच द्यायला काही नाही ती वाडी कायमची तळाला जाईल. आणि ते कोष्टक माझ्या नावानं चालेल."

"पण या वाडीला तर पाणी मिळेल!" मी जवळजवळ ओरडलेच.

"हो," सर म्हणाले. "मिळेल."

त्यांनी दोन लिहू दिले नाहीत. ते बरोबर होते की चूक, हे मला आजही सांगता येत नाही. त्या वेळी मात्र मला त्यांचा भयंकर राग आला होता. घरी नळ असलेल्या माणसानं दुसऱ्याच्या तहानेवर तत्त्वं चालवू नयेत, असं मी सासूबाईंना म्हटलं होतं. आमच्याही परसात बारमाही पाण्याची विहीर होती, हे सोयीनं विसरून.

वाडीला हे सांगायला सर स्वतः गेले. नका जाऊ, आपोआप कळेल, असं मी म्हटलं, तर म्हणाले, "नापास केलं तर निकालही आपणच लावायचा." मी बरोबर गेले. फेब्रुवारीचे शेवटचे दिवस. बायका खळ्यात जमल्या. सरांनी काही लपवलं नाही. तुम्ही दिलेली उत्तरं मी पाठवली, त्यामुळे तुमचं नाव कापलं गेलं, असं सरळ सांगितलं.

कोणी चिडलं नाही. चिडल्या असत्या तर बरं झालं असतं. पारूबायनं विचारलं, "म्हंजे आमी चुकीचं बोललाव?"

"नाही. तुम्ही बरोबर बोललात. प्रश्न चुकीचा होता."

तिनं बाकीच्यांकडे बघितलं. त्यांच्यात काहीतरी कुजबूज झाली. मग ती पुढे आली आणि शाळेतल्या पोरीसारखी हात पुढं बांधून उभी राहिली. "मग आता इचारा ना, सर. तुमी सांगाल तेवढं बोलतो. किती बोलायला पायजे ता सांगा."

सगळ्या बायका सरांच्या तोंडाकडे बघत होत्या. छत्री उचलून ते कातळावरून चालायला लागले, आणि मी त्यांच्या मागून. एसटी यायला बराच अवकाश होता. तोवर आम्ही दोघं रस्त्याच्या कडेला उन्हात उभे राहिलो.

त्यानंतर सरांनी काम असं केलं नाही. प्रश्नावल्यांचे गठ्ठे दोरीनं बांधून कपाटावर टाकले. काडेपेटीचा तास बंद झाला, ते नोट्स वाचून दाखवू लागले. स्टाफरूममध्ये ते आता चहा गरम असतानाच पिऊन टाकत, कोणाला काही विचारत नसत. उन्हाळ्यात एसटी स्टँडवर संगमेश्वरकडची गाडी लागली की ते तिकडे पाठ करून उभे राहतात, असं मला एका मुलानं सांगितलं होतं. मी त्याला उगीचच रागावले.

निवृत्त झाले आणि वर्षभरात त्यांना अर्धांगाचा झटका आला. मी भेटायला गेले तेव्हा खाटेवर उताणे पडून होते. उजवी बाजू गेलेली, बोलणं सावकाश, पण शब्द कळत होते. सुमनवहिनी मला त्यांच्याजवळ बसवून आत गेल्या. मी हवापाण्याच्या गप्पा मारत होते. त्यांनी मला मध्येच थांबवलं.

"बाई, काय विचारायला हवं होतं आपण? पारूबायला?"

एवढी वर्षं ते हेच शोधत होते तर. मी म्हटलं, "काहीच नको होतं विचारायला, सर. आदल्या वर्षी तुम्ही तिच्या खेपा मोजल्या होत्यात. तेवढं पुरे होतं. समितीला रुपये हवे होते तर खणणाऱ्याच्या मजुरीनं त्या चराचा हिशेब मांडायचा होता. मला पहिल्या घरातच कळलं होतं की हा प्रश्न इथं चालायचा नाही."

त्यांनी मान वळवून माझ्याकडे नीट पाहिलं. "मग तेव्हा का नाही बोललात?"

खोटं बोलायची ती वेळ नव्हती. मी म्हटलं, "तुम्ही सर होतात, म्हणून."

ते एकेक शब्द शोधत म्हणाले, "माझ्या आईनंही शून्यच सांगितलं असतं, बाई. हे मला प्रश्न लिहिताना माहीत होतं. चांगलं माहीत होतं. पण तो पुस्तकात होता." आणि त्यांनी भिंतीकडे तोंड केलं.

ती आमची शेवटची भेट. मी बाहेर पडले तेव्हा मार्च सरत आला होता. कातळकोंडाची विहीर केव्हाच आटली असणार.